सायकल हातात धरून सव्वीस वर्षं

आमच्या भागात आज ज्यांची वयं तीन ते तीसच्या मध्ये आहेत, त्यांतल्या बहुतेकांना टोचेकाकांनी एकदा तरी रडवलेलं आहे. हे त्यांचं खरं नाव नव्हे. ते आरोग्य केंद्रात लस टोचण्याचं काम करायचे, म्हणून मुलांनीच त्यांना ते चिकटवलं, आणि पुढं ते इतकं घट्ट बसलं की पगाराच्या दिवशी रोखपालसुद्धा "टोचेकाका, या" असं म्हणायचा. टोचेकाकांना त्याचं काही वाटत नसे. "माझ्या धाकानं पोरं जेवतात," ते म्हणायचे. "नाव मोठं असल्याशिवाय होतं का असं?"

आमची शाळा आणि आरोग्य केंद्र यांच्यामध्ये एक कमरेएवढी भिंत होती. मी तिसरीचा वर्ग शिकवायची, तिथल्या खिडकीतून त्यांना रोज निघताना बघायची. सकाळी सातला बर्फाच्या लाद्या भरलेली लसीची पेटी सायकलच्या कॅरियरवर चढायची. जुन्या ट्यूबच्या पट्टीनं ती आडवी-उभी बांधली जायची, मग ते तिला दोन्ही हातांनी हलवून बघायचे, आणि हलली तर सगळं सोडून पुन्हा बांधायचे. हँडलच्या डाव्या बाजूला नोंदवहीची पिशवी, उजव्या बाजूला सुया आणि कापूस. एवढं झालं की टोचेकाका सायकलच्या शेजारी उभे राहायचे, हँडल धरायचे, आणि चालू लागायचे.

त्यांच्याकडे सात वस्त्या होत्या. सर्वांत लांबची नऊ किलोमीटरवर, चढणीची. रस्ता खडीचा, मध्येमध्ये नुसताच दगडांचा. त्या रस्त्यावर टोचेकाका सायकलवर बसलेले कुणी पाहिले नाहीत. नवीन माणूस विचारायचा, "बिघडली का हो?" तर ते म्हणायचे, "नाही, ठणठणीत आहे. पेटीची तब्येत नाजूक आहे."

याचं कारण त्यांनी मला बऱ्याच वर्षांनी सांगितलं, तेही मी खोदून विचारलं म्हणून. नोकरीच्या पहिल्या वर्षी ते बसून जायचे. एका उतारावर पुढचं चाक दगडावरून उडालं, ते पडले, पेटी पडली आणि बावीस कुप्या फुटल्या. वरच्या वस्तीत सकाळपासून बायका मुलं घेऊन थांबल्या होत्या. रक्ताळलेल्या गुडघ्यानं ते वर गेले आणि आज लस नाही असं सांगितलं. एक बाई जुळी घेऊन आली होती, एक कडेवर, एक पाठीला बांधलेलं. "ती काही बोलली नाही, बाई," काका म्हणाले. "नुसतं कडेवरचं पाठीला घेतलं, पाठीवरचं कडेवर घेतलं आणि निघाली. शिव्या दिल्या असत्या तर बरं झालं असतं." त्या दिवसापासून सायकल ही त्यांच्या दृष्टीनं दोन चाकांची हमाल झाली. तिच्यावर ओझं चढायचं, माणूस नाही.

ते निवृत्त झाले तेव्हा केंद्राच्या व्हरांड्यात निरोपाचा छोटा कार्यक्रम झाला. शेजारधर्म म्हणून मला बोलायला सांगितलं. मी हा सगळा किस्सा सांगितला आणि शेवटी म्हटलं, "या माणसानं त्या दिवसानंतर सव्वीस वर्षांत एकदाही पेडलवर पाय ठेवला नाही, म्हणून आपली मुलं आज पायांवर उभी आहेत." टाळ्या पडल्या. काकू, म्हणजे टोचेकाकांच्या पत्नी, पदरानं डोळे पुसत होत्या. मागं एका साप्ताहिकाचा बातमीदार बसला होता. त्यानं पुढच्या अंकात हे माझं वाक्य चौकट करून छापलं. मी ते कात्रण कपाटात जपून ठेवलं. चौतीस वर्षं मास्तरकी करून माझं वाक्य छापून आलं होतं ते एवढंच.

दोन महिन्यांनी, एका रविवारी सकाळी टोचेकाका माझ्या दारात उभे राहिले. हातात सरकारी लिफाफा.

"बाई, हे जरा वाचा. माझा चष्मा ठीक आहे, पण अर्थ चुकीचा लागतोय बहुतेक."

अर्थ चुकीचा लागत नव्हता. हिशेब तपासणी कार्यालयाचं ते पत्र होतं. आरोग्य केंद्रातल्या फिरत्या कर्मचाऱ्यांना दरमहा सायकल भत्ता मिळायचा. त्यासाठी छापील कागदावर सही करायची असे: 'या महिन्यात मी कामाच्या फेऱ्यांसाठी स्वतःची सायकल वापरली आहे.' पत्रात म्हटलं होतं की सदर कर्मचारी सायकलवर कधीच बसत नव्हते, हे आता उघड झालं आहे. त्यांनी सव्वीस वर्षं खोटं प्रमाणपत्र देऊन सार्वजनिक पैसा उचलला आहे. ती सगळी रक्कम व्याजासह त्यांच्या निवृत्तीच्या पैशातून कापून घेण्यात येत आहे. व्याज धरून ते हातात यायच्या रकमेच्या जवळजवळ तिसरा हिस्सा होत होतं. आणि पुरावा म्हणून सोबत साप्ताहिकाचं कात्रण जोडलं होतं. माझ्या वाक्याखाली कुणीतरी लाल पेन्सिलीनं रेघ मारली होती. मी आयुष्यभर मुलांच्या वाक्यांखाली लाल रेघा मारल्या. माझ्या वाक्याखाली कुणी मारायची ही पहिलीच वेळ.

मी खुर्चीत बसले. "काका, हे माझ्या भाषणामुळं झालं."

"भाषण छान झालं होतं," ते म्हणाले. "सगळ्यांना आवडलं. हिशेबवाल्यांना तर इतकं, की त्यांनी कापून ठेवलं."

दुसऱ्या दिवशी आम्ही दोघं त्या कार्यालयात गेलो. हिशेब अधिकारी पस्तिशीचा, सभ्य, टेबल स्वच्छ ठेवणारा गृहस्थ होता. त्यानं आम्हाला बसवलं, पाणी मागवलं. त्याला या प्रकरणात आनंद होत होता असं मला दिसलं नाही.

"काका, यात सोपा मार्ग आहे," तो म्हणाला. "दोन ओळी लिहून द्या. बातमी चुकीची आहे, मी सायकलवरूनच फिरायचो. मी फाइल बंद करतो."

"पण बाईंनी खरं तेच सांगितलं होतं."

"कौतुकाच्या भरात सांगितलं, असं लिहा."

मी घाईघाईनं म्हटलं, "लिहा काका, लिहा. माझी काही हरकत नाही."

काकांनी माझ्याकडं वळून बघितलं. शेजारच्याची पाटी बघून लिहिणाऱ्या मुलाकडं मी जशी बघायची, तसं.

"साहेब," ते अधिकाऱ्याला म्हणाले, "या कागदावर तुम्ही मला खोटं बोलणारा म्हणताय. तो डाग पुसायला मी आता खोटं बोलू का?"

अधिकाऱ्यानं पेन बंद करून ठेवलं. "बरं, दुसरं सांगतो. रक्कम मान्य करा. व्याज मी माफ करून आणतो, हप्ते पाडून देतो."

"पैसे घ्या. पण ते 'खोटं प्रमाणपत्र' तेवढं काढा."

"ते काढलं तर वसुली कशाच्या जोरावर करू?" अधिकारी खरोखरच अडचणीत आल्यासारखा म्हणाला. "खोटं आहे म्हणून तर वसुली आहे."

कोर्टात जायचं, हे तिथंच ठरलं. घरी गेल्यावर काकूंनी तो हप्त्यांचा मार्ग घ्या म्हणून बरंच सांगितलं. त्यांना मागची एक खोली दुरुस्त करून घ्यायची होती. भिंतीला ओल आली होती. "कागदावर काय लिहिलंय ते कोण वाचायला बसलंय?" त्या म्हणाल्या. "ओल मात्र सगळ्यांना दिसते."

"मी वाचलंय ना," काका म्हणाले. त्यावर काकूंनी भांडी जरा जोरात लावली.

वकील मी शोधून दिली. माझी विद्यार्थिनी. वर्गात चुरूचुरू बोलायची, आता कोर्टात बोलते. तिनं कागद वाचले, मग काकांचा उजवा हात स्वतःकडे ओढून मनगट बघितलं.

"काका, मी पाच वर्षांची असताना तुम्हाला चावले होते. खूण राहिली का?"

"तुझी पुसली गं. ही दुसऱ्या कुणाचीतरी आहे." काकांनी अंगठ्याखालची जागा दाखवली. "तू तशी वरवर चावली होतीस."

"मग फी घेत नाही. चावल्याची भरपाई समजा."

"भरपाई समजतो. पण पावती दे."

वकीलबाईचं म्हणणं सरळ होतं. एक तर काकांना काही न विचारता, बाजू मांडायची संधी न देता पैसे कापले. आणि दुसरं, सायकल त्यांची होती, रोज फेरीवर जात होती, टायर झिजत होते, पेटी तिच्यावरूनच जात होती. बसलं तरच भत्ता, असं कुठंही म्हटलेलं नव्हतं. पण तिनं आम्हाला बजावलं, "पैशाचं एक वेळ जमेल. 'खोटं' हा शब्द काढायचा तर काकांनी काही लपवलं नव्हतं हे दाखवावं लागेल. कार्यालयाला तेव्हाच माहीत होतं, असं काही लेखी आहे का?"

काका विचारात पडले. लेखी त्यांच्याकडं कौतुकाचं काहीच नव्हतं. मग म्हणाले, "एका मोठ्या डॉक्टरांनी मला रस्त्यात पकडून झापलं होतं एकदा. पायी रेंगाळतोस म्हणून. नंतर त्यांनी केंद्राच्या भेटवहीत काहीतरी खरडलं. वाईटच लिहिलं असेल म्हणून मी कधी वाचलं नाही."

ती भेटवही मिळवायला वकीलबाईला अर्जांवर अर्ज करावे लागले. एकूण चौदा महिने गेले. तारीख पडायची, आम्ही जायचो, न्यायालयाच्या लांब बोळातल्या बाकावर बसायचो, पुढची तारीख घेऊन परत यायचो. मला कंटाळा यायचा, काकांना नाही. समोरून बिनबाह्यांच्या कपड्यात कुणी गेलं की ते डाव्या दंडावरची लसीची खूण न्याहाळायचे. एकदा न्यायालयाच्या शिपायालाच म्हणाले, "तुमची खूण माझ्या हातची नाही. जरा तिरकी आहे. कोण होता टोचणारा?" शिपाई चकित होऊन आपला दंड बघत राहिला. पुढच्या तारखेला त्यानं नातीला आणलं, तिच्या लसींचं कार्ड दाखवायला. काकांनी कार्ड तपासून एक डोस राहिल्याचं सांगितलं. त्या बोळात आमच्या बाकाला नंतर नंतर रांग लागू लागली होती.

अखेर सुनावणीचा दिवस आला. काकूंचे गुडघे जिने चढू देत नव्हते, म्हणून त्या घरीच राहिल्या. खोली लहान होती, वर एक पंखा, आणि न्यायाधीशांच्या मागं फायलींनी भरलेलं कपाट. न्यायाधीश वयस्कर होते. बोलणारा माणूस थांबला तरी ते जरा वेळ ऐकतच राहायचे.

सरकारी वकिलानं काकांना विचारलं, "जाताना पेटी भरलेली असायची, कुप्या फुटतील म्हणून बसत नव्हता, हे मानलं. येताना पेटी रिकामी. तेव्हा कोण अडवत होतं?"

प्रश्न चांगला होता. हे मला कधी सुचलंच नव्हतं.

"येताना कामं असायची, साहेब," काका म्हणाले. "लस टोचली की पोरांना ताप येतो. आई घाबरते, आणि पुढच्या वेळी आणत नाही. म्हणून परत येताना घराघरांत डोकवायचं. ताप किती आहे, रडतंय का, सूज आली का. दर चार घरांना उतरायचं तर चढायचं कशाला?"

न्यायाधीशांनी काहीतरी लिहून घेतलं. सरकारी वकिलानं कागद उलटला.

मग वकीलबाईनं भेटवही पुढं केली. वीस वर्षांपूर्वीचं पान होतं, कडा पिवळ्या. तपासणीला आलेल्या डॉक्टरांनी लिहिलं होतं: 'लस देणारा कर्मचारी सायकल हाताने धरून पायी फेरी करतो. उशीर होतो म्हणून मी त्यास समज दिली. नंतर नोंदी तपासल्या. या केंद्रात कुप्या फुटण्याचे प्रमाण शून्य आहे. शेजारच्या तिन्ही केंद्रांत ते मोठे आहे. समज मागे घेत आहे. इतरांनीही असेच करावे.' खाली सही, शिक्का, आणि त्याखाली जिल्ह्याच्या कार्यालयाचा 'पाहिले' असा दुसरा शिक्का.

म्हणजे सरकारला वीस वर्षं माहीत होतं. नुसतं माहीत नव्हतं, पसंत होतं. वकीलबाई खाली बसली. तिच्या चेहऱ्यावर तिसरीतलं गणित सुटल्यासारखा आनंद होता. टोचेकाका मात्र त्या पानाकडं बघतच होते. त्यांना वीस वर्षं वाटत होतं की त्या पानावर आपली निंदा आहे.

न्यायाधीश फाइल मिटणार, एवढ्यात काकांनी हात वर केला. वर्गात मुलं करतात तसा.

"साहेब, एक राहिलं."

वकीलबाईनं वळून त्यांच्याकडं बघितलं आणि मान अगदी बारीक हलवली. काकांनी ती पाहिली, पण हात खाली घेतला नाही.

"बोला," न्यायाधीश म्हणाले.

"चार महिने सायकल माझ्याकडं नव्हती. मुलगी नर्सिंग शिकत होती, तिचा वर्ग लांबच्या इमारतीत हलवला, तिकडं बस जात नव्हती. सायकल तिला दिली. मी पेटी खांद्यावरून नेली."

"फेऱ्या चुकल्या?"

"नाही. पण महिन्याच्या शेवटी कागद आला, आणि मी नेहमीसारखी सही ठोकली. सायकल वापरली म्हणून लिहून दिलं, चार वेळा. ते खोटं होतं."

वकीलबाईनं कपाळाला हात लावला. सरकारी वकील अर्धवट उठला. या माणसाच्या बोलण्याला हरकत घ्यायची की आभार मानायचे हे त्याला ठरवता येईना, तेव्हा तो परत बसला.

"हे तुम्हाला कुणी विचारलं होतं का?" न्यायाधीशांनी विचारलं.

"नाही, साहेब. पण मी खोटं लिहून दिलं की नाही, हेच तर तुम्ही ठरवताय. मग जेवढं होतं तेवढं त्यात यायला पाहिजे. नाहीतर बाकीचं खरं कोण मानेल?"

न्यायाधीश त्यांच्या सवयीप्रमाणे बराच वेळ ऐकत राहिले, काका बोलून थांबले होते तरी. मग म्हणाले, "निकाल तीन आठवड्यांनी."

बाहेर बोळात वकीलबाई बरसली. "काका, जिंकलो होतो आपण. फाइल मिटत होती. तेवढी दोन मिनिटं तोंड मिटून बसायचं होतं."

"तूही लहानपणी तोंड मिटून बसली असतीस तर मला चावली नसतीस," काका म्हणाले. पण त्यांचा आवाज बारीक झाला होता. आपल्या एका वाक्यानं सगळंच पुन्हा ढवळलं गेलं असेल, हे त्यांनाही कळत होतं. परतताना ते एवढंच म्हणाले, "बाई, शब्द गेला नाही तर आता माझ्याच तोंडामुळं राहील."

ते तीन आठवडे त्यांना जड गेले. ते माझ्याकडं येऊन बसायचे आणि दुसऱ्याच गोष्टी बोलायचे. मुलीचा दूरच्या शहरातून फोन आला, तिला कुणीतरी सगळं सांगितलं होतं. ती रडली, ते चार महिन्यांचे पैसे मी पाठवते म्हणाली. काकांनी तिला, तुझी ड्यूटी कुठली आहे, रात्रीची की दिवसाची, असं काहीतरी विचारून फोन ठेवला.

निकालाची प्रत हातात आली त्या दिवशी ते थेट माझ्याकडं आले. "घरी चला. तिला तुम्हीच वाचून दाखवा. मी वाचलं तर ती म्हणेल, मधलं गाळलं."

मी त्यांच्या स्वयंपाकघरातल्या स्टुलावर बसून वाचलं. काकू ओट्याला टेकून उभ्या होत्या, काका दारात. न्यायालयानं वसुलीचा आदेश रद्द केला होता आणि कापलेली रक्कम परत द्यायला सांगितली होती. चार महिन्यांचा भत्ता तेवढा वजा करायचा, तोही व्याज न लावता. 'खोटं प्रमाणपत्र देऊन' हे शब्द आदेशातून आणि सेवेच्या नोंदीतून काढून टाकावेत, असं स्पष्ट म्हटलं होतं. चार महिन्यांच्या सह्या चुकीच्या होत्या, पण ज्यानं त्या स्वतः होऊन उघड केल्या त्याला खोटारडा म्हणता येणार नाही, असंही एक वाक्य होतं. ते मी जरा सावकाश वाचलं. मी दाराकडं बघितलं नाही.

"डॉक्टरांचं पुन्हा वाचा," काकू म्हणाल्या. मी भेटवहीचा उतारा पुन्हा वाचला. 'इतरांनीही असेच करावे' इथं त्यांनी मान हलवली. मग पुढचा परिच्छेद आला: सदर कर्मचारी परतीच्या वाटेवर लस दिलेल्या प्रत्येक मुलाच्या घरी जाऊन त्याच्या तापाची विचारपूस करीत असत.

"थांबा, बाई," काकू म्हणाल्या. त्या दाराकडं वळल्या. "हे रोजचं?"

"रोजचं म्हणजे, फेरीच्या दिवशी."

"आणि मी जेवायला थांबून विचारायची, उशीर का झाला, तर तुम्ही म्हणायचात पंक्चर झाली."

काकांनी दाराची कडी उगाच खालीवर केली.

"सव्वीस वर्षांत इतकी पंक्चरं? कोण काढत होतं ती?"

"ते कोर्टानं विचारलं नव्हतं," टोचेकाका म्हणाले.

काकूंनी त्यांच्याकडं बघितलं, मग माझ्याकडं, आणि माझ्या हातातला कागद घेऊन तो पुसलेल्या ओट्यावर, कोरड्या जागी, उलगडूनच ठेवला.